जत्रेत इंग्लिश फार्स बसवायचाय? आधी मेस्त (सुतार) गाठा, नट मागाहून

चतुर्थी आटपली, गणपतीवरची माटोळी उतरली की आमच्या वाड्यावर मीटिंग होते आणि दर वर्षी कोणतरी तेच बोलतो, या वेळी पौराणिक नको, रडकं सामाजिक तर नकोच, इंग्लिश फार्स करूया, सोपा असतो, नुसती पळापळ आणि हशा. सोपा म्हणे! मी सोळा वर्षं विंगेत उभी राहते, संगीत नाटकं बघितली, तलवारबाजी बघितली, पण घाम फुटला तो फार्सनेच. म्हणून हे लिहून ठेवते, गोव्यात फोंड्याला असा नायतर डिचोलीत, ज्याला करायचं त्याने वाचून मगच नारळ फोडावा.

आमचा पहिला फार्स कसा आपटला ते आधी सांगते. रात्रीचा दीड, दंव पडलेलं, मांडवाच्या कडेने पाणी ठिबकत होतं आणि नायक धावत धावत तीन नंबरच्या दाराकडे आला, ओढलं, तर दार उघडेना. प्लायचं दार, दुपारी छान चालत होतं, रात्री दंवाने फुगलं. तो बिचारा दोनदा ओढून बघतो, तिसऱ्यांदा लाथ घालतो आणि मग घाबरून शेजारच्या दारातून आत घुसतो, आणि त्याच दारातून त्याच क्षणी बाहेर यायची होती त्याची बायको. दोघं नाकासमोर नाक. आता गंमत अशी की पुढचा पाऊण तास नाटक उभं होतं ते या दोघांची भेट होत नाही यावर. लोक प्रचंड हसले, पण आमच्याकडे पुढे करायला काही उरलंच नाही. प्रॉम्प्टर पानं उलटत बसला आणि पडदा पाडायला लागला.

त्या रात्री कळलं की फार्स विनोदावर चालत नाही, न भेटण्यावर चालतो. विनोदी नाटकात वाक्य पडलं तर दुसरं वाक्य सावरून घेतं, फार्समध्ये दार अडकलं की सगळा बाजार उठला. म्हणून पहिला माणूस मेस्त. पण आधी संहिता बघूया, नायतर मेस्ताला काय सांगणार, किती दारं ते.

पहिल्यांदा करताय तर माझं स्पष्ट मत, ब्रँडन थॉमसचं चार्लीज आंट घ्या. 29 फेब्रुवारी 1892 ला इंग्लंडात बरी सेंट एडमंड्स नावाच्या छोट्या गावात पहिला प्रयोग झाला, वर्ष संपता संपता लंडनला गेलं आणि तिथे सलग 1,466 प्रयोग. (आपल्या तियात्राचा, म्हणजे गोव्याच्या कोंकणी नाटकाचा, जन्मही त्याच वर्षी एप्रिलात मुंबईत, दीड महिन्याच्या अंतराने. मला हे कळलं तेव्हा उगाच बरं वाटलं.) गोष्ट तुम्हाला माहीतच आहे कारण अत्र्यांनी त्यावरूनच मोरूची मावशी केलं. ऑक्सफर्डचे दोन विद्यार्थी, त्यांना दोन मुलींना जेवायला बोलवायचंय, मोठं बाईमाणूस घरात असल्याशिवाय मुली येणार नाहीत, ब्राझीलहून येणारी श्रीमंत मावशी वेळेवर पोचत नाही, मग मित्रालाच लुगडं, म्हणजे तिकडचा काळा झगा, घालून मावशी करतात. आणि मग खरी मावशी येते.

हे का घ्या म्हणते, तर यात दारं कमी आहेत. दुसरा अंक बागेतच आहे. घोळ सगळा एका झग्यात भरलाय, आणि झगा दंवाने फुगत नाही.

दुसरं कारण हक्कांचं. थॉमस 1914 मध्ये गेला, आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षं हक्क राहतात, तेव्हा मूळ इंग्रजीवरून तुम्ही स्वतः रूपांतर करायला मोकळे. पण मोरूची मावशी जसंच्या तसं उचलू नका हं, अत्रे 1969 ला गेले, म्हणजे 2029 संपेपर्यंत ते त्यांच्या वारसांचं. हौशी मंडळाने फुकट बघणाऱ्या लोकांसमोर किंवा धार्मिक संस्थेच्या मदतीसाठी केलेल्या प्रयोगाला कॉपीराइट कायद्याच्या 52 व्या कलमात सूट आहे, जत्रेचं नाटक त्यात बसतं, पण ती सूट प्रयोगाची, रूपांतराची नव्हे, आणि देवळाच्या मदतीसाठी नसताना तिकीट लावलंत की संपली. रे कूनी, मायकल फ्रेन वगैरे अलीकडच्या इंग्लिश फार्सवाल्यांचं काही करायचं तर आधी लेखी परवानगी, नायतर नाद सोडा.

आता गोव्यात आणणं. इथे लोक सगळ्यात जास्त चुकतात, नावं बदलतात आणि समजतात झालं. कूनीचा रन फॉर युअर वाइफ बघा, 1983 ला लंडनमध्ये लागला तो जवळजवळ नऊ वर्षं चालला. टॅक्सीवाला, एक बायको विंबल्डनला, दुसरी स्ट्रेटहॅमला, एकाच शहरात दोन संसार आणि शिफ्टच्या वेळापत्रकावर सगळं तरलेलं. हे म्हापसा आणि मडगाव असं करून चालेल? अजिबात नाही. गोव्यात तुम्ही म्हापशाच्या बाजारात ज्याच्याबरोबर दिसाल त्याची बातमी तुम्ही घरी पोचायच्या आधी मडगावला. लंडनमध्ये शेजारी शेजाऱ्याला ओळखत नाही यावर ते नाटक उभं आहे आणि आपल्याकडे नेमकं उलटं. मग आपल्याला लपवायला दुसरं काहीतरी शोधायला हवं. मला सुचलेलं एक सांगते, फुकट घ्या. आपल्याकडे लग्नाच्या दोन सह्या असतात, रजिस्ट्रारकडे पहिली सही आणि मग काही दिवसांनी दुसरी, आणि मुहूर्ताचं लग्न मात्र कधीकधी सहा महिन्यांनी. कायद्याने नवराबायको, घरच्यांच्या लेखी अजून नाही! या फटीत मेंढरं कळपाने घुसतील एवढा फार्स आहे आणि इंग्लंडात कुणाला तो सुचणार नाही.

आणि मावशी तर आपल्याला आयतीच मिळालीय. मूळ नाटकात तिचं नाव डोना लुसिया द आल्वादोरेज, पोर्तुगीज बोलणाऱ्या मुलखातली विधवा. तिला पुण्याची कशाला करताय? लिस्बनहून येऊ द्या. घरातल्या अर्ध्या लोकांना पोर्तुगीज पासपोर्टचे कागद पाहिजेत म्हणून सगळे मावशीच्या मागे पुढे, आणि ओसरीवर बसलेले नव्वदीचे आजोबा शाळेत चौथीपर्यंत पोर्तुगीज शिकलेले, ते खुर्चीतून उठून तिच्याशी बोलायला येतात. लुगड्यातला मुलगा काय उत्तर देणार? हा प्रसंग आम्ही केला तेव्हा मागे खाज्याच्या दुकानांपाशी उभे असलेले लोकसुद्धा पुढे सरकले.

पात्रनिवड. ब्रिटिश फार्समध्ये माणसं ठरलेली असतात. 1920 च्या दशकात लंडनच्या ऑल्डविच थिएटरात बेन ट्रॅव्हर्सचे फार्स लागायचे, तिथे टॉम वॉल्स म्हणजे बिलंदर, राल्फ लिन एका डोळ्याला काच लावलेला बावळट, आणि रॉबर्टसन हेअर म्हणजे गरीब टकलू, ज्याचा काही दोष नसताना पँट त्याचीच जाणार. ही तिघं शोधा: थाप मारणारा, थापेत मदत करताना ती वाढवून ठेवणारा, आणि ज्याच्यावर सगळं कोसळतं तो. तिसरा सगळ्यात महत्त्वाचा आणि तिथे गावातला विनोदी नट कधी, कधीच घेऊ नका. जो चतुर्थीला नकला करतो, ज्याला बघून लोक आधीच हसतात, तो नको. बँकेत काम करणारा, इस्त्रीचा शर्ट, हिशोबाला कडक, असा माणूस घ्या. त्याला सांगायचं, तुला लोकांना हसवायचं नाही, तुला फक्त इथून सुटायचंय. त्याला खरंच घाम फुटला पाहिजे. नट स्वतः हसला, डोळा मारला, प्रेक्षकांकडे बघून तोंड वाकडं केलं की मी विंगेतून वही फेकून मारते, हे अख्ख्या वाड्याला माहीत आहे.

आता बायकांच्या भूमिका. हे जरा सविस्तर सांगते कारण यावर कोण लिहीत नाही. आपल्या जत्रांत अजूनही पुष्कळ ठिकाणी गावातल्या मुली उभ्या राहत नाहीत, मग बाहेरून बायका आणतात, पाकीट ठरवून. ती ताई संध्याकाळी येते, सरपंचाच्या नायतर खजिनदाराच्या घरी चहा घेते, प्रॉम्प्टरबरोबर एकदा संहिता वाचते, रात्री काम करते आणि पहाटे पहिल्या बसने पुढच्या गावाला, तिथे वेगळं नाटक, वेगळा नवरा. डिसेंबर-जानेवारीत अशा बायकांच्या डोक्यात वीसेक नाटकं एकदम असतात. मला त्यांचं भयंकर कौतुक आहे. एकीने मला रंगपटात पावडर लावता लावता विचारलं होतं, "ताई, आज मी विधवा की कुमारिका?" आणि दहा मिनिटांनी स्टेजवर अशी रडली की बायकांनी पदर डोळ्याला लावले.

इंग्लंडातही हेच होतं बरं का. तिथे छोट्या गावांत वीकली रेपर्टरी म्हणून पद्धत होती, दर आठवड्याला नवं नाटक, रात्री या आठवड्याचं करायचं आणि दिवसा पुढच्या आठवड्याची तालीम. दौऱ्यावरच्या कंपन्या रविवारी आगगाडीने गाव बदलायच्या, क्रू नावाच्या स्टेशनवर वेगवेगळ्या कंपन्यांचे नट एकमेकांना भेटायचे, आणि उतरायचं कुठे तर भाड्याच्या खोलीत, घरमालकीण देईल ते जेवायचं. ब्रायन रिक्ससारखे लोक याच रेपर्टरीतून आले. हा गडी 1950 ते 1966 लंडनच्या व्हाइटहॉल थिएटरात फार्स करत होता, पँट पडणारा माणूस म्हणूनच देश त्याला ओळखायचा, आणि घरी पहिली मुलगी डाउन सिंड्रोम घेऊन जन्मलेली. पुढे नाटक बाजूला ठेवून 1980 पासून तो मतिमंदांसाठी काम करणाऱ्या मेनकॅप संस्थेचा मुख्य झाला. फार्सवाल्यांना लोक हलके समजतात म्हणून सांगितलं, असो.

तर मुद्दा, एका वाचनावर ताई रडकं नाटक तारून नेईल, फार्स नाही. तिचं पाठांतर कमी पडत नाही, तिला दारं माहीत नसतात. कुठल्या दारातून, कितव्या पावलावर, ताट कुठल्या हातात, हे वाचनात येत नाही. म्हणून पैसे ठरवताना प्रयोगाचे नव्हे, प्रयोग अधिक निदान आठ तालमींचे ठरवा, येण्याजाण्याची गाडी द्या आणि तालमी तिच्या सीझनच्या आधी, ऑक्टोबरात उरका. कमिटी कुरकुर करेल की एवढे पैसे एका बाईला, तर त्यांना विचारा मांडवाच्या लायटिंगचं बिल किती. आणि शक्य असेल तर गावातल्याच मुली उभ्या करा हो, 2 वर्षांपूर्वी आमच्या इथे दोघी आल्या, आभाळ नाही कोसळलं.

आता मेस्त. त्याला मंडळाच्या मीटिंगला बोलवा, चहा द्या, गोष्ट सांगा. आमचा मेस्त आधी म्हणायचा "नाटकाचं दार म्हणजे काय, रंगवलेलं कापड", त्याला पूर्ण गोष्ट सांगितली तेव्हा तोच म्हणाला मग या दाराला कडी नको. बरोबर! कडी नकोच. कपाटाला लावतात तो लोहचुंबकाचा कॅच लावा, हलक्या जोराने उघडतं, तसंच बंद होतं, मूठ दोन्ही बाजूंनी. बाजूच्या भिंतीतलं दार विंगेच्या दिशेने उघडलं पाहिजे आणि बिजागरी प्रेक्षकांपासून लांबच्या कडेला, म्हणजे उघडलेलं पानच मागचा पसारा झाकतं, नायतर नायक लपतोय तिथेच मेकअपदादा विडी ओढताना दिसतो. चौकट आणि पान यांत अर्धा सेंटिमीटर फट सोडा आणि पानाच्या चारी कडांना ऑइल पेंट मारा, वरच्या आणि खालच्या कडेलाही, तिथेच कोण मारत नाही आणि तिथूनच दंव आत जातं. दार आपटलं की अख्खी भिंत हलते, लोक तेवढ्यालाच हसतात आणि खरा हशा जातो, म्हणून प्रत्येक चौकटीला मागून तिरका टेकू आणि टेकूवर सिमेंटच्या पोत्यात अर्धी वाळू भरून ठेवा. प्रत्येक दाराला मागच्या बाजूने खडूने आकडा. दोन दारांतून एकाच वेळी ये-जा असेल तर विंगेत त्या दोघांची टक्कर होईल का ते मेस्तालाच चालून बघायला सांगा, देवळापुढच्या स्टेजला विंग म्हणजे जेमतेम दोन हात.

तालमीत दारं पहिल्या दिवसापासून. लाकडाची नसतील तर दोन खुर्च्यांच्या मधोमध, पण प्रत्येकाने मूठ धरायची, दार उघडायचं आणि तोंडाने मोठ्याने "टक" म्हणायचं. पोरं लाजतात, लाजू दे. दोन आठवड्यांनी तो टक अंगात जातो आणि मग कळतं की निम्मी वाक्यं टकच्या आधी पाहिजेत की नंतर. शेवटच्या पाच तालमी तरी खऱ्या चौकटींत करा. आणि एक तालीम पूर्ण मुकी घ्या, संवाद नाहीत, फक्त एन्ट्री, एक्झिट, सामान. मायकल फ्रेनने 1970 मध्ये स्वतःचाच फार्स विंगेतून बघितला आणि त्याला तो समोरून दिसतो त्यापेक्षा मागून जास्त मजेशीर वाटला, त्यातून 1982 चं नॉइजेस ऑफ आलं, त्याच्या दुसऱ्या अंकात सेट उलटा फिरवलेला आणि आपल्याला दिसतं ते पडद्यामागचं, बहुतेक मुकाट्याने चाललेलं भांडण. मुकी तालीम घेतलीत की तुमचंही तसंच दिसेल. ती मुकी तालीमच हसवत असेल तर नाटक उभं राहिलं समजा.

नॉइजेस ऑफमध्ये सार्डिनच्या ताटल्या सारख्या हरवतात. आमच्या पोरांना लगेच तारल्यांची ताटली आणायची होती. अरे बाबांनो, देवळाच्या आवारात मासळी? देवस्थान कमिटी आधी तुम्हाला तळेल. मिरची भजी चालतात, पण खऱ्या भज्यांचं तेल जमिनीवर पडतं आणि त्यावर पळणारा माणूस घसरतो, म्हणून स्पंजची करा, रंगवून. ताटली, पिशवी, पत्र, जे जे फिरतं त्याच्यासाठी विंगेत टेबल, टेबलावर कागद, कागदावर प्रत्येक वस्तूची जागा पेनने आखून. ती जागा रिकामी दिसली की माझं रक्त थंड होतं.

पँट. इलॅस्टिक नको, मध्येच थांबते आणि सगळी मजा जाते. दोन मापं मोठी पँट, समोर वेल्क्रो, खिशात थोडी नाणी म्हणजे वजनाने सरळ खाली. आत गुडघ्यापर्यंतची पट्ट्यापट्ट्यांची चड्डी, समोर आजी बसलेल्या असतात. आणि कॉलर माइक वापरत असाल तर त्याची बॅटरीची पेटी पँटला लावू नका! आमच्याकडे पँटबरोबर तीही खाली गेली आणि स्पीकरमधून असा आवाज आला की वाजंत्रीवाला जागा झाला. पेटी बनियनच्या आत, पाठीला पट्ट्याने.

टांगलेले माइक फार्सला कामाचे नाहीत, आपल्या नटांना माइकखाली उभं राहून बोलायची सवय आणि इथे तर पळायचंय. लाइट भरपूर आणि सरळ, निळे लाल काही नको.

हशा आला की थांबायचं किती, हे विचारतात सगळे. हशा चढतोय तोवर गप्प, उतरायला लागला की संपायच्या आत पुढचं वाक्य, पूर्ण शांतता होऊ दिलीत की गाडी पुन्हा पहिल्या गिअरपासून. थांबताना नटाने पुतळा होऊ नये, घाम पुसायचा, दाराकडे बघायचं, काहीतरी खरं करायचं. कला अकादमीच्या बंद हॉलमध्ये हशा एकदम येतो आणि एकदम जातो. मांडवात तसं नाही, पुढचे आधी हसतात, मागचे उशिरा, रस्त्यावर उभे असलेले त्याहून उशिरा, म्हणून स्पर्धेत बसवलेलं टायमिंग जत्रेत तसंच चालत नाही, पहिली दहा मिनिटं लोक कसे हसतात ते ऐकून सगळ्यांनी वेग ठरवायचा. आणि एकूण नाटक सव्वादोन तासांच्या वर नको, पावणी (देवळातला लिलाव) लांबली की पडदा साडेबाराला उघडतो, तीन वाजता झोपलेल्या माणसाला कोणीही हसवू शकत नाही.

प्रयोगाच्या रात्री इंग्लंडात पडदा उघडायच्या 35 मिनिटं आधी सगळ्या नटांनी हजर पाहिजे असा नियम आहे, त्याला हाफ म्हणतात. आपल्याकडे तिसरी घंटा झाली तरी एकजण काकणाच्या दुकानात असतो. फार्सला मी तासभर आधी सगळ्यांना बोलावते आणि प्रत्येकाला आपापली दारं दहा दहा वेळा उघडबंद करायला लावते, मेस्त पटाशी आणि मेणबत्ती घेऊन बाजूला. मेणबत्ती कडेला घासली की अडकणारं दार सुटतं, हे त्यानेच शिकवलं. मध्यंतरात पुन्हा एकदा, कारण तोवर दंव उतरलेलं असतं.

प्रयोग झाला की आधी ताईचं पाकीट द्या, सत्कार भाषणं मागाहून, तिची बस साडेपाचची असते. मग मांडववाल्याच्या खुर्च्या मोजा. दारं देवळाच्या अग्रशाळेत, म्हणजे भक्तांच्या उतरायच्या खोल्यांत, भिंतीला टेकवून उभी ठेवू नका, पान वाकतं आणि खालून वाळवी लागते. आडवी, चार विटांवर, मध्ये पट्ट्या घालून, आणि बिजागऱ्या काढून तेल लावून मेस्ताकडे द्या.